ओढ्याच्या वाटेवरचा दिवा

मी ग्रामपंचायतीची सभासद झाले, हे मला शेजारणीकडून कळलं. मी परड्यात शेणी थापत होते. ती कुंपणावरनं डोकावून म्हणाली, "आगं, तू पंचायतीत लागलीस म्हणं!" मला वाटलं, झाडलोटीचं काम मिळालं. म्हटलं, पगार काय देणार कोण जाणे.

झालं होतं असं की पंचायतीत बायकांसाठी दोन जागा ठेवायचा कायदा आला होता. आमचं गाव माण तालुक्यातलं. तिथं बायकांच्या जागेसाठी अर्ज कोण भरणार? निवडणूक उरकली, पुरुष निवडून आले, आणि मग त्यांनीच बसून दोन बायका ठरवल्या. एक धनगरवस्तीवरची म्हातारी. ती वर्षातला बराचसा काळ मेंढरांमागं खाली घाटाकडं असायची, त्यामुळं तिचा त्रास नव्हता. दुसरी मी. मी सांगलीला सातवीपर्यंत शिकले होते, सही करत होते, आणि मुख्य म्हणजे सरपंच माझे चुलत सासरे होते. त्यांनी माझ्या सासूबाईंना विचारलं, सासूबाई 'व्हय' म्हणाल्या, आणि मी सभासद झाले. नवरा मुंबईला गिरणीत होता. त्याला हे जत्रेला आल्यावर कळलं. तो म्हणाला, "बरं झालं," आणि झोपला.

चुलत सासऱ्यासमोर सून बोलत नसे. बोलणं राहू द्या, समोरून जायचं झालं तरी पदर पुढं ओढून भिंतीच्या कडेनं जायचं. त्यामुळं पहिलं वर्षभर सभेचं बुक घरी यायचं, मी हात धुऊन सही करायची, बुक परत जायचं. असाच कारभार चालला असता. पण मिरजेकडचा एक तरुण ग्रामसेवक बदलून आला. नवीन नोकरी, लग्न व्हायचं होतं, आणि कायद्यावर फार श्रद्धा. त्यानं सरपंचांना सांगितलं, "सभासदानं सभेला प्रत्यक्ष हजर राहायला पाहिजे."

"आवं भाऊसाहेब, सून माझ्याम्होरं बसंल कशी?" सरपंच म्हणाले.

शेवटी तोड निघाली. पंचायतीच्या कचेरीला दोन खोल्या होत्या. आतल्या खोलीत डीडीटीची पोती आणि फवारायचा पंप असायचा. तिथं माझ्यासाठी पोतं अंथरलं, मधलं दार अर्धवट लोटलं, आणि ग्रामसेवक दाराशी खुर्ची टाकून बसू लागला. मी आतून बोलायची, तो बाहेर सांगायचा.

"सरपंचांना म्हणावं, आडाचा रहाट मोडलाय."

"सरपंचसाहेब, आडाचा रहाट मोडलाय."

"तिला सांगा, ठावं हाय."

"वहिनी, त्यांना ठाऊक आहे."

मधे एका फळीचं अंतर. दोघांनाही एकमेकांचं सगळं ऐकू यायचं. पण ग्रामसेवकानं सांगेपर्यंत दोघंही ऐकलं नाही असं धरून चालायचो. डीडीटीच्या वासानं माझं डोकं दुखायचं, तरी मला ते आवडायचं. घरातून हक्कानं बाहेर पडायला मिळत होतं.

मग गावात वीज आली. खांब रोवले, तारा ओढल्या, आणि गावाला मोजके दिवे मंजूर झाले. कुठं लावायचे यावर सभा बसली. चावडीला एक, देवळाला एक, शाळेला एक, आणि एक गावच्या चौकात. गावचा चौक म्हणजे नेमकं सरपंचांचं दार, हे सगळ्यांना माहीत होतं, त्यामुळं त्यावर कुणी बोललं नाही. शेवटचा एक दिवा उरला. प्रत्येक सभासद आपल्या आळीचं नाव घ्यायला लागला. आवाज चढले. तेव्हा सरपंचांनी हात वर केला.

"आपल्या आयाबाया सांजंचं अंधारात ओढ्याकडं जात्यात," ते म्हणाले. "इचू-काट्याचं भ्या. ह्यो दिवा तितं लावायचा. ओढ्याच्या वाटंवर."

सगळे "वा, वा" म्हणाले. आत मी पोत्यावर ताठ बसले.

आमच्या गावात तेव्हा एकाही घरी संडास नव्हता. माहेरी सांगलीला घरामागं होता. लग्न होऊन आले तेव्हा पहिले काही महिने मी या एका गोष्टीपायी रडले. मग सवय झाली. दिवस मावळून अंधार पडला की साऱ्या आळीतल्या बायका तांब्या घेऊन ओढ्याकडच्या बाभळींत जायच्या. जाताना आणि येताना जे बोलणं व्हायचं, ते दिवसभर कुठं होत नसे. सासूची गाऱ्हाणी, माहेरच्या बातम्या, कुणाला दिवस गेलेत, कुणाचा नवरा मुंबईत काय दिवे लावतोय, सगळं तिथं. आमची खरी सभा तीच. आणि त्या सभेला भिंत होती ती अंधाराची.

मी दाराशी सरकून म्हटलं, "भाऊसाहेब, तिथं दिवा नको म्हणावं."

तो वळून म्हणाला, "का नको, वहिनी?"

आता काय सांगू? तो परका मुलगा, बिनलग्नाचा. पलीकडं चुलत सासरे. भोवती सगळे दीर आणि सासरे लागणारे. मी म्हटलं, "नको म्हणजे नको."

ग्रामसेवक गोंधळला. सरपंचांकडं वळून म्हणाला, "वहिनींना जरा संकोच वाटतोय."

"वाटनारच," सरपंच प्रेमानं म्हणाले. "पोरीला आनंद झाला आसंल. लिवा, बायकांनी आभार मानलं."

आणि त्यानं तसं लिहिलं.

दिवा लागला त्या दिवशी ओढ्याच्या वाटेवर नारळ फोडला, गुलाल उधळला. आम्ही बायका लांब उभ्या होतो. तांबे पदराखाली. सगळ्यांना वाटलं, आम्ही कौतुकानं जमलोय. सरपंचांनी खांबाकडं बघून हात जोडले, वायरमननं खटका दाबला, आणि लख्ख उजेड पडला. बाभळीचा काटा न् काटा दिसायला लागला. पलीकडचा काठ दिसायला लागला. वर एस.टी.चा रस्ता होता, तिथनं जाणाऱ्या गाडीतले लोक खिडकीतनं माना बाहेर काढून बघायला लागले.

आम्हाला वाटलं, चला, सोहळा झाला, आता पुरुष जातील. पण गावात एवढा उजेड आणि एवढा वारा दोन्ही एकत्र दुसरीकडं कुठं नव्हतं. कुणीतरी घोंगडं आणलं आणि पत्त्यांचा डाव मांडला. पलटणीतून निवृत्त होऊन आलेला एक जण पेपर घेऊन आला आणि मोठ्यानं वाचायला लागला. आम्ही उभ्याच. शेवटी त्यांना भुका लागल्या तेव्हा ते उठले. तोवर दोघी-तिघी कशाबशा घरी पळाल्या होत्या.

दुसऱ्या दिवसापासून गावातल्या बायकांचं सगळं वेळापत्रक बिघडलं. काही जणी पहाटे उठून टेकडीपलीकडं जायला लागल्या. काहींनी दुपारनंतर पाणी प्यायचं सोडलं. संध्याकाळचा चहा बंद झाला. टेकडीवरनं यायला वेळ लागायचा, भाकरी उशिरा व्हायची, आणि भाकरी उशिरा झाली की घरोघर पुरुष ओरडायचे, "होतीस कुटं?" सांगणार कोण?

माझ्या सासूबाईंना मी आत्याबाई म्हणत असे. त्यांचे गुडघे दुखायचे. टेकडी काही त्यांना चढवत नव्हती. चार-पाच दिवस त्यांनी सोसलं. एका संध्याकाळी मला म्हणाल्या, "खुंटीवरची गोफन काड."

मी म्हटलं, "आता रानात पीक कुठंय? कसली पाखरं?"

"हाय की येक," आत्याबाई म्हणाल्या. "रातभर डोळं वटारून बसतंय."

आमच्याकडच्या बायका लहानपणापासून ज्वारीची राखण करतात. माळ्यावर उभं राहून गोफणीनं धोंडा असा सोडतात की कणसावरचं पाखरू उडतं आणि कणसाला धक्का लागत नाही. आत्याबाई तर त्या कामात नावाजलेल्या होत्या. पत्तेवाले जेवायला उठले होते. वाट रिकामी होती. आत्याबाईंनी कंबर कसली, गोफण डोक्यावरनं दोनदा फिरवली आणि सोडली. फट्टदिशी आवाज झाला आणि सगळीकडं सुंदर काळोख पसरला. बाभळींतून बांगड्या वाजल्या आणि दबलेलं हसू ऐकू आलं. सार्वजनिक मालमत्तेचं नुकसान होताना पंचायतीची सभासद शेजारीच उभी होती. हसणाऱ्यांत तीही होती.

तालुक्यावरनं वायरमन आला, नवा दिवा लावून गेला. थोड्याच दिवसांत तोही फुटला. मी आत्याबाईंकडं बघितलं, तर त्या रागावल्या. "माज्याकडं काय बगतीस? नेम काय माज्या एकटीलाच हाय व्हय गावात?"

मग सभा बसली. सरपंच फार दुखावले होते. निवडणुकीत पडलेल्या पार्टीचं हे काम, असा त्यांचा पक्का समज झाला होता. "बायकांच्या सोयीवर दगूड टाकत्यात," ते म्हणाले. "ह्यांला आया-भनी न्हाईत का?" मग ग्रामसेवकाला म्हणाले, "तिला इचारा. बायका त्या येळंला तितंच आसत्यात. कुनाला बगितलं का?"

"वहिनी, कुणाला बघितलंत का?"

"अंधार होता म्हणावं."

"अंधार कसा? दिवा होता ना?"

"फुटल्यावर अंधारच की."

ग्रामसेवकानं जरा विचार केला आणि बाहेर सांगितलं, "त्यांचं बरोबर आहे."

ठराव झाला की दिव्याला तारेची जाळी बसवायची, आणि दिवस मावळल्यापासून पंचायतीच्या शिपायानं तिथं पहाऱ्याला बसायचं. आत मी कपाळाला हात लावला. बायकांच्या सोयीसाठी लावलेल्या दिव्याखाली आता एक पगारी पुरुष काठी घेऊन बसू लागला. माणूस वाईट नव्हता. पण कामाला फार चोख. लांबूनच हाक द्यायचा, "कोन हाय? कुनीकडं?" रोज सकाळी चावडीवर जाऊन सरपंचांना सांगायचा, काल कोण आलं होतं, कोण गेलं, कोण लवकर परतलं. चावडीवर बसलेली माणसं ते ऐकायची आणि घरी जायची.

एके दिवशी दुपारी जेवताना आमच्या शेजारणीला तिच्या नवऱ्यानं विचारलं, "काल दोनदा गेलतीस म्हणं. पोट बिगाडलंय का?"

त्यानं काळजीनंच विचारलं होतं. पण तिनं ताट तसंच ठेवलं, सरळ आमच्या परड्यात आली आणि शेणींच्या ढिगावर बसून रडायला लागली. "आता ह्येबी चावडीवर?" ती म्हणत होती. "माजं म्हणून काय ऱ्हायलंच न्हाई का?" आधी मला हसू येत होतं, पण तिचं ते रडणं बघून ते गेलं.

बघता बघता परडं बायकांनी भरलं. सगळ्या मला बोलायला लागल्या. "तू पंचायतीत हायस न्हवं? मग बोल की!"

"काय बोलू? आणि मामंजींसमोर?"

"मग आमी बोलायचं व्हय? तुला कशाला बशिवलंय तितं?"

तेवढ्यात धनगरवस्तीवरची म्हातारी आली. मेंढरं घेऊन ती नुकतीच घाटाकडनं परतली होती. माझ्या जोडीची सभासद, पण आजवर एकाही सभेला आली नव्हती. आत्याबाईंनी तिला सगळं सांगितलं. तिनं तळहातावर तंबाखू मळली, दाढेखाली धरली आणि विचारलं, "सभा कवा हाय?"

सरपंचांनी आधीच दवंडी पिटवली होती. दिवे फोडणाऱ्यांचा निषेध करायला देवळापुढं सगळ्या गावाची ग्रामसभा. एरवी ग्रामसभेला बाई फिरकत नसे. त्या दिवशी सगळ्या आल्या. बौद्धवाड्यातल्या बायका ओढ्याच्या पलीकडच्या काठाला जायच्या. उजेड त्यांच्यावरही पडला होता, त्यामुळं त्याही आल्या, आणि आमच्याच जाजमावर बसल्या. एरवी कुणी ना कुणी काहीतरी बोललं असतं. त्या दिवशी बोलायचं कुणाच्या ध्यानातच आलं नाही. मी खांबाआड बसले, पदर हनुवटीपर्यंत.

सरपंचांचं मन भरून आलं. "बगा," ते पुरुषांना म्हणाले, "बायका सुदिक जाग्या झाल्या. आता त्यांलाच इचारतो. सांगा आयाबायांनो, ह्यो दिवा पायजे का नको?"

"नको!" सगळ्या बायका एका आवाजात म्हणाल्या.

देवळावरचे पारवे उडाले. सरपंच हळू आवाजात म्हणाले, "का बरं?"

आता सगळ्यांनी माना खाली घातल्या. कुणी पदराशी चाळा करायला लागलं, कुणी पोराचं नाक पुसायला लागलं. ग्रामसेवक पेन उघडून वाट बघत होता. "कारण सांगायला पाहिजे," तो म्हणाला. "कारणाशिवाय ठराव लिहिता येत नाही."

तेव्हा म्हातारी गुडघ्यावर हात टेकून उठली. सरपंचांना तिनं कडेवर खेळवलं होतं, ती कुणाला लाजणार?

"लेकरा," ती म्हणाली, "तू सकाळचा तांब्या घिऊन माळाला जातूस न्हवं?"

सरपंचांची मान आपसूक हलली.

"उद्यापास्नं मी तुज्याम्होरं कंदील धरून हुबी ऱ्हाते. तुला इचू-काटा लागाय नगो. आन् आल्यावर चावडीवर सांगते, किती येळ बसलावता."

मग मागच्या बाजूला कुणीतरी पोर फिस्सकन हसलं, आणि मग सगळं गाव. म्हातारे खोकायला लागले. सरपंचांची बायको तोंडाला पदर लावून बसली होती. तिचे खांदे गदागदा हलत होते. शिपाई काठी खाली ठेवून भिंतीमागं गेला. सरपंचांनी टोपी काढली, टक्कल पुसलं, टोपी घातली. हसू ओसरल्यावर म्हणाले, "लय चुकलं गड्या." कुणाला म्हणाले, कळलं नाही.

"मग कारण काय लिहू?" ग्रामसेवक अजून पेन धरून होता. त्याचे कान लाल झाले होते. "'स्त्रियांच्या विशिष्ट अडचणीमुळं' असं लिहू का?"

"इशिष्ट काय त्यात?" म्हातारी म्हणाली. "तुला न्हाई व्हय ती आडचन?"

तो आणखी लाल झाला. मला त्याची कीव आली आणि मी खांबाआडून मोठ्यानं म्हणाले, "'गैरसोय होते' एवढंच लिहा."

बोलून गेल्यावर लक्षात आलं की ग्रामसेवक लांब होता आणि सरपंच जवळ. मी थेट त्यांच्याशीच बोलल्यासारखं झालं होतं. मी डोळे मिटून घेतले. सरपंच म्हणाले, "लिवा. सूनबाई म्हंती तसं लिवा." आणि सभा पुढं चालू झाली. मला वाटलं होतं त्यातलं काहीच झालं नाही.

मग मतं घ्यायची वेळ आली. "हात वर करा," ग्रामसेवक म्हणाला. एकाही बाईचा हात वर जाईना. समोर नवरे, सासरे, दीर. कुणाच्या नवऱ्यानं डोळे मोठे केले होते, कुणाचा सासरा मिशीवर हात फिरवत होता. हात वर करायचा तर पदर सरकणार. ग्रामसेवक पुन्हा म्हणाला. पुन्हा काही नाही. सरपंचांनी इकडं बघितलं, तिकडं बघितलं. एकदा चूक झाल्यावर माणूस जसा जपून वागतो, तसे ते जपून म्हणाले, "पुरुषमंडळी, जरा देवळाच्या भितीकडं त्वांड करा."

"आमी?"

"मग मी काय देवाला सांगतूय? फिरा."

आणि गावातले सगळे पुरुष, पाटलापासून पलटणीतल्या त्या पेपरवाल्यापर्यंत, भिंतीकडं तोंड करून बसले. सरपंचही फिरले. बायकांनी हात वर केले. मोजणारा ग्रामसेवक तेवढा एकटा आमच्याकडं तोंड करून उभा होता. त्याला कुठं बघावं कळेना. त्यानं आमच्या डोक्यांच्या वर बघत, फक्त हात मोजले, आणि मधेच चुकून पुन्हा पहिल्यापासून मोजले. तोवर आमचे हात दुखायला लागले.

दिवा आडापाशी हलवला. शिपाई पुन्हा कचेरीत बसायला लागला. दिवे कुणी फोडले याची चौकशी तशीच राहिली. पडलेल्या पार्टीचे लोक मात्र पुढं कितीतरी वर्षं म्हणत, आमच्यावर फुकट आळ आला. ओढ्याच्या अलीकडं एक आडोशाची भिंतही घालायची, असं म्हातारीनं त्याच सभेत सांगून ठेवलं होतं. पुरुषांनी श्रमदानानं दगड आणले आणि छातीएवढी भिंत उभी राहिली. सरपंचांचा विचार होता, भिंतीला संगमरवरी फरशी लावून त्यावर नाव कोरायचं. ते आमच्या दारात येऊन आत्याबाईंना म्हणाले, "वैनी, सूनबाईला इचारा, कुनाचं नाव घालावं?"

मी आतून म्हटलं, "ज्यांची इच्छा असेल त्यांचं घाला म्हणावं."

"बरं," म्हणून ते आल्या वाटेनं परत गेले. फरशी काही लागली नाही.

पुढं साताऱ्याहून एक साहेब जीप घेऊन आले. बायका ग्रामसभेला येतात असं एक गाव आहे, हे त्यांच्या कानावर गेलं होतं. देवळापुढं त्यांचा सत्कार झाला, चहा झाला. साहेब खूश होते. म्हणाले, "आता महिलांच्या मागणीवरून झालेलं काम दाखवा."

ग्रामसेवक बुटाची नाडी बांधायला वाकला. शिपाई कपबशा उचलायला लागला. साहेबांनी पुन्हा विचारलं.

"साहेब," सरपंच म्हणाले, "तितं पुरुषान्ला जाता येत न्हाई."

"मी पाहणीसाठी आलोय. सरकारी काम आहे."

"आमाला न्हाई जाता येत, तर तुमाला कसं जाता ईल? ग्रामसभेचा निर्नय हाय."

असा कुठलाच निर्णय झालेला नव्हता, हे मला माहीत होतं, ग्रामसेवकालाही माहीत होतं. तो माझ्याकडं बघायला लागला. मी पदरातूनच हो म्हणून मान हलवली. त्यानं गंभीर तोंडानं सांगितलं, "हो साहेब. नियम आहे."

साहेबांच्या एकदम ध्यानात आलं. हसत हसत जीपमध्ये बसले आणि दहिवडीच्या रस्त्याला लागले. त्या भिंतीचा एक कोपरा पुढच्याच पावसाळ्यात ढासळला. पंचायतीत विषय निघायच्या आधी आम्ही बायकांनीच दगड उचलून तो पुन्हा रचला.